सेतूच्या वाटेवरील शेवटचें स्टेशन

काशी आणि रामेश्वर हीं दोन नांवें आपल्याकडे एकाच दमांत घेण्याची चाल आहे. नकाशा उघडून पाहिला तर या दोहोंमध्यें सबंध देशाची लांबी पसरलेली दिसते. परंतु घरांतील वडील माणसांच्या बोलण्यांत तीं जणूं एकाच वाड्याचीं दोन दारें असतात. सेतूची वाळू प्रयागच्या त्रिवेणीसंगमांत सोडावयाची, गंगेचें पाणी दक्षिणेस आणून रामनाथावर घालावयाचें, आणि मगच यात्रा पुरी झाली असें मानावयाचें, हा आपल्या पूर्वजांचा नेम होता. रामेश्वराकरितां आणलेली कावड नाथांनीं वाटेंत तहानेनें तडफडणाऱ्या गाढवाच्या मुखीं रिकामी केली, ही कथा आपण सर्वांनीं आजीच्या मांडीवर ऐकली आहे. तींतील दया आपणांस आठवते. त्या कावडीमागचें अंतर मात्र आपण विसरतों. त्या काळीं पायीं निघालेला मनुष्य परत येईलच अशी खात्री नसे. म्हणून निघण्यापूर्वीं देण्याघेण्याची निरवानिरव करून, लेकीसुनांचा निरोप घेऊनच उंबरठा ओलांडीत.

आज रामेश्वराहून बनारसेपर्यंत थेट आगगाडी आहे, आणि तेंच अंतर दोन-अडीच दिवसांत कापलें जातें. हा पालट कसा घडला, आणि त्यासाठीं कोणीं काय मोल दिलें, हें समजून घ्यावयाचें तर देवळाच्या महाद्वारापाशीं नव्हे, तर तेथून अदमासें दीड किलोमीटरवर असलेल्या रेल्वे स्टेशनावर थोडा वेळ उभें राहिलें पाहिजे. यात्रेकरूंची दृष्टि तेथें क्वचितच ठरते. गाडींतून उतरतांच मन देवळाकडे धांवतें आणि परतीच्या वेळीं तें घराकडे लागलेलें असतें. या लेखांत आम्ही देवळापेक्षां स्टेशनाविषयींच अधिक लिहिणार आहों, याबद्दल भाविक वाचकांनीं राग मानूं नये.

रामेश्वर हें बेट आहे, ही गोष्ट भूगोलांत वाचलेली असूनही आपण सहसा ध्यानांत घेत नाहीं. मुख्य भूमीवरचें शेवटचें गांव मण्डपम् आणि बेटावरचें पहिलें गांव पांबन्. या दोहोंमध्यें सुमारें दोन किलोमीटर रुंदीची खाडी आहे. तिच्या उत्तरेस पाल्कचा उपसागर आणि दक्षिणेस मन्नारचें आखात. १९०२ सालीं मदुरेहून मण्डपम्पर्यंत रूळ आले, तरी पुढची खाडी होडीनेंच ओलांडावी लागे. अमेरिकेंतील दिग्विजयानंतर स्वामी विवेकानंद सिंहलद्वीपावरून परतले, ते २६ जानेवारी १८९७ रोजीं याच पांबन्‌च्या किनाऱ्यावर उतरले. रामनाडच्या सेतुपति राजानें तेथें त्यांचें स्वागत केलें. म्हणजे देशाच्या या टोंकास दारवंट्याचें महत्त्व पूर्वींपासूनच होतें; तेथें पायरी तेवढी नव्हती.

ती पायरी साउथ इंडियन रेल्वे कंपनीनें बांधली. १९११ सालीं पुलाचें काम सुरू झालें आणि २४ फेब्रुवारी १९१४ रोजीं तो वाहतुकीस खुला झाला. भरसमुद्रांत बांधलेला हा आपल्या देशांतील पहिला पूल होय. वांद्रे-वरळीचा सागरी सेतु होईपर्यंत, म्हणजे जवळजवळ शंभर वर्षें, लांबीच्या बाबतींत त्याची बरोबरी करणारा दुसरा पूल आपल्या समुद्रावर नव्हता. पुलाच्या मध्यावर जहाजांना वाट देण्यासाठीं उघडणारा गाळा होता. शेर्झर नांवाच्या अमेरिकन इंजिनियराच्या पद्धतीचीं दोन प्रचंड पातीं दोहों बाजूंनीं आकाशाकडे उचललीं जात. विशेष हें कीं, तीं उचलण्याचें काम कोणतेंही वाफेचें वा विजेचें यंत्र करीत नसे. दोन्हीं कांठांवर माणसें उभीं राहून हातांनीं दांडे फिरवीत आणि शेंकडों टन लोखंड हळूहळू उभें राही.

परंतु हा पूल मुख्यतः रामेश्वराच्या यात्रेकरूंसाठीं बांधला गेला, असा कोणाचा समज असल्यास तो खरा नव्हे. कंपनीचें लक्ष्य सिंहलद्वीप हें होतें. पांबन् येथें रुळांना दोन फांटे फुटत. एक रामेश्वरास जाई, दुसरा बेटाच्या अगदीं आग्नेय टोंकास, धनुष्कोडीस. मद्रासेहून निघालेली ‘बोट मेल’ धनुष्कोडीच्या धक्क्यावर उतारूंना सोडी; तेथें आगबोट तयार असे; ती त्यांना पलीकडच्या तलैमन्नार येथें पोंचवी, आणि तेथून दुसरी गाडी कोलंबोस नेई. मद्रासेंत काढलेलें एकच तिकीट कोलंबोपर्यंत चाले. या साऱ्या व्यवहारांत रामेश्वरचें स्टेशन हें आडबाजूचें होतें. व्यापारी, सरकारी अंमलदार, चहाच्या मळ्यांवर जाणारे मजूर हे सर्व त्याला बगल देऊन पुढें जात. देवाचें दर्शन घेणारे तेवढे त्या फांट्यावर वळत.

आमच्या आत्याबाई १९५६ सालीं आपल्या वडिलांबरोबर, म्हणजे आमच्या आजोबांबरोबर, या मार्गानें गेल्या होत्या. त्या वेळीं त्या तेरा वर्षांच्या होत्या. शास्त्राप्रमाणें प्रथम धनुष्कोडीस सेतुस्नान करावयाचें आणि मग रामेश्वराचें दर्शन घ्यावयाचें, म्हणून त्यांची मंडळी पहिल्यानें टोंकापर्यंत गेली आणि मग पांबन्‌पर्यंत मागें येऊन रामेश्वराच्या गाडींत बसली. धनुष्कोडीचें जें वर्णन आत्याबाई करतात तें आम्हीं लहानपणापासून अनेकदां ऐकलें आहे. रुळांवर वाऱ्यानें सारखी वाळू येऊन पडे आणि ती दूर करण्यासाठीं माणसें फावडीं घेऊन उभीं असत. धक्क्याशीं लागलेल्या आगबोटीचा धूर डब्यांत येई. टपालकचेरी, जकातीची कचेरी, देऊळ, चर्च, दुकानें, सारें कांहीं दोन समुद्रांच्या मधल्या चिंचोळ्या पट्टीवर वसलेलें होतें. आमच्या आजीनें तेथील वाळूची पुरचुंडी बांधून घेतली. ती पुढें दोन वर्षांनीं प्रयागास पोंचली.

नवा पूल सुरू झाल्यावर, २०२५ सालच्या पावसाळ्यांत, आम्ही सहकुटुंब रामेश्वरास गेलों, तेव्हां ब्याऐंशी वर्षांच्या आत्याबाई बरोबर होत्या. त्यांच्याच आग्रहावरून आम्हीं मोटारीचा मार्ग सोडून मदुरेहून आगगाडी धरली. मदुरेपासून रामेश्वर सुमारें १६० किलोमीटर आहे. मानामदुरै मागें पडलें कीं भूमि सपाट आणि रुक्ष होत जाते. परमकुडि, रामनाथपुरम् हीं स्टेशनें येतात. दोन्हीं बाजूंस वेड्या बाभळीचीं रानें, मधूनमधून तळीं, आणि ताडांच्या रांगा. स्टेशनावर ताडाच्या पानांच्या विणलेल्या करंड्यांतून ताडगूळ विकावयास येतो. आपल्याकडील काळ्या गुळाहून त्याची चव निराळी, किंचित् धुरकट असते. त्याची कॉफी हे लोक आवडीनें पितात. मण्डपम् येतांच डब्यांतील बोलणें आपोआप मंदावतें. खिडकींतून येणारा वारा खारट होतो, मुलें दारांकडे धांवतात, आणि वडील माणसें हात जोडून बसतात.

गाडी पुलावर चढली म्हणजे डावीकडे एक समुद्र आणि उजवीकडे दुसरा, असें दृश्य दिसतें. दोहोंचें पाणी एकाच वेळीं एकाच स्वभावाचें नसतें, हें आम्हांस तेथें प्रथम उमगलें. नैर्ऋत्येचा पाऊस असतां दक्षिणेकडील मन्नारचें आखात खवळलेलें असतें व उत्तरेचें पाणी तळ्यासारखें निवांत असतें. ईशान्येचे वारे सुरू झाले कीं हाच प्रकार उलट होतो. आम्ही गेलों त्या दिवशीं उजवीकडच्या लाटा खांबांवर आपटत होत्या आणि डावीकडे कोळ्यांच्या होड्या हलतही नव्हत्या. शेजारीं जुना पूल उभा होता. एकशेंअकरा वर्षांपूर्वींचें तें लोखंड खाऱ्या हवेनें जागजागीं खाल्लेलें दिसत होतें. आत्याबाई त्याच्याकडे पाहत राहिल्या आणि म्हणाल्या, “आमची गाडी यावरून गेली होती. बाबांनी आम्हां सगळ्यांना रामरक्षा म्हणायला लावली होती.”

आतां त्या रात्रीची हकीकत सांगणें प्राप्त आहे, कारण तिच्यावांचून रामेश्वरच्या स्टेशनाचा आजचा अर्थ कळणार नाहीं. १९६४ सालच्या २२ डिसेंबरची रात्र. बंगालच्या उपसागरांतून आलेलें एक भयंकर चक्रीवादळ या बेटाच्या रोखानें निघालें होतें. पांबन्‌हून धनुष्कोडीस जाणारी ६५३ क्रमांकाची सहा डब्यांची पॅसेंजर गाडी मध्यरात्रीपूर्वीं थोडी अगोदर निघाली. गाडींत उतारू आणि रेल्वेचे नोकर मिळून सुमारें ११५ माणसें होतीं. धनुष्कोडीचें स्टेशन अगदीं हाकेच्या अंतरावर आलें असतां सिग्नल बंद पडलेला आढळला. ड्रायव्हरनें गाडी थांबविली, शिट्टी दिली, वाट पाहिली. उत्तर आलें नाहीं. अखेर त्यानें धोका पत्करून गाडी हळूहळू पुढें काढली. इतक्यांत समुद्राची एक प्रचंड लाट त्या चिंचोळ्या पट्टीवरून गेली आणि सबंध गाडी तिनें गिळून टाकली. आंतील एकही मनुष्य वांचला नाहीं. धनुष्कोडी गांव त्याच रात्रीं उद्ध्वस्त झालें. दोन्हीं किनाऱ्यांवर मिळून सुमारें अठराशें माणसें या वादळांत दगावलीं. पुढें मद्रास सरकारनें धनुष्कोडी हें मनुष्यवस्तीस अयोग्य असें जाहीर केलें.

पांबन्‌च्या पुलाचे बहुतेक सर्व गर्डर समुद्रांत गेले. मधला उघडणारा गाळा मात्र जागचा हालला नाहीं. पुलाच्या दुरुस्तीस रेल्वेनें सहा महिने धरले होते. वरिष्ठांनीं ते तीनांवर आणले. आणि ज्या तरुण इंजिनियराकडे हें काम सोंपविण्यांत आलें त्यानें तें ४६ दिवसांत पुरें केलें. समुद्राच्या तळाशीं गर्डर कोठें पडले आहेत हें तेथल्या कोळ्यांनीं दाखविलें, आणि तेच गर्डर वर काढून पुन्हां खांबांवर चढविण्यांत आले. या इंजिनियराचें नांव ई. श्रीधरन्. पुढें पंचवीस वर्षांनीं ज्यांनीं आपल्या कोंकणांत रेल्वे आणण्याचें काम अंगावर घेतलें आणि १९९८ पर्यंत तें तडीस नेलें, तेच हे गृहस्थ. चिपळूण-रत्नागिरीच्या लोकांना त्यांची ओळख करून देण्याचें कारण नाहीं. परंतु कोंकणचे डोंगर फोडणाऱ्या या मनुष्याची पहिली मोठी परीक्षा पांबन्‌च्या पाण्यांत झाली होती, हें पुष्कळांस ठाऊक नसतें.

पूल पुन्हां उभा राहिला, पण रूळ पुन्हां धनुष्कोडीपर्यंत गेले नाहींत. याप्रमाणें आडबाजूचें जें रामेश्वर तें एका रात्रींत शेवटचें स्टेशन झालें. त्याला हें पद कोणीं मान म्हणून दिलें नाहीं. पुढचें सारें समुद्रानें घेतलें, म्हणून तें त्याच्याकडे आलें. कांहीं वर्षें रामेश्वराहूनच सिंहलद्वीपास आगबोट जात असे. १९८० नंतरच्या दशकांत तेथें यादवी पेटली आणि तीही बंद झाली. तरीसुद्धां चेन्नईच्या एगमोर स्टेशनाहून रामेश्वरास येणाऱ्या गाडीला लोक अजून ‘बोट मेल’ म्हणतात. गाडीपुढें बोट उरलेली नाहीं. नांव तेवढें उरलें आहे.

बेटावर मोटारीचा पूल झाला तो २ ऑक्टोबर १९८८ रोजीं. तोंपर्यंत, म्हणजे पाऊणशें वर्षें, जमिनीच्या मार्गानें बेटावर येणारा प्रत्येक मनुष्य, प्रत्येक धान्याचें पोतें आणि प्रत्येक पत्र या रुळांवरूनच आलें. याच वाटेनें येणाऱ्या वर्तमानपत्रांशीं एका मुलाचा संबंध जडला होता. दुसऱ्या महायुद्धाच्या काळांत रामेश्वरच्या स्टेशनावर गाडी थांबणें बंद झालें. तेव्हां मद्रासेहून येणाऱ्या वर्तमानपत्रांचीं पुडकीं चालत्या गाडींतून खालीं टाकलीं जात. तीं झेलण्यासाठीं तेथल्या एका विक्रेत्यानें आपल्या नात्यांतील एका लहान भावाला मदतीस घेतलें. त्या मुलाचे वडील यात्रेकरूंना होडींतून नेत-आणीत. पुडकीं गोळा करून मिळालेली ती आपली आयुष्यांतील पहिली मजुरी, असें त्या मुलानें पुढें आत्मचरित्रांत लिहिलें आहे. हा मुलगा म्हणजे डॉ. ए. पी. जे. अब्दुल कलाम. २००२ ते २००७ या काळांत ते राष्ट्रपति होते, आणि २०१५ सालीं देह ठेवल्यावर याच बेटाच्या मातींत त्यांना विसांवा मिळाला. आमच्या बरोबरच्या मुलांना देवळाच्या खांबांपेक्षां ही गोष्ट अधिक आवडली, हें येथें प्रांजळपणें नमूद करतों.

२००७ सालीं मीटरगेज जाऊन रुंद रूळ आले. परंतु जुन्या पुलाचें आयुष्य सरत आलें होतें, आणि २०२२ च्या डिसेंबर महिन्यांत त्याच्यावरून गाड्या जाणें बंद झालें. त्यानंतर दोन वर्षांहून अधिक काळ रामेश्वरच्या स्टेशनावर एकही उतारूंची गाडी आली नाहीं. मण्डपम् किंवा रामनाथपुरम् येथें उतरून लोक मोटारींनीं पुढें जात. ६ एप्रिल २०२५ रोजीं, रामनवमीच्या दिवशीं, नव्या पुलाचें उद्घाटन झालें. हाही दोन किलोमीटरांहून थोडा अधिक लांब आहे, आणि जुन्याहून तीन मीटर उंच आहे. मधला गाळा ७२.५ मीटर लांबीचा असून तो दारासारखा उघडत नाहीं, तर दोहोंकडच्या मनोऱ्यांमधून पाळण्यासारखा सरळ १७ मीटर वर जातो. आतां दांडे फिरविणारीं माणसें नाहींत. विजेचीं यंत्रें तें काम कांहीं मिनिटांत करतात. वाऱ्याचा वेग ठराविक मर्यादेबाहेर गेला कीं गाडी पुलावर सोडीत नाहींत.

आतां खुद्द स्टेशनाविषयीं. पांबन् मागें पडल्यावर नारळी आणि वाळूच्या टेंकड्या यांमधून गाडी थोडें अंतर जाते आणि थांबते. २०२२ सालीं या स्टेशनाच्या नव्या इमारतीची कोनशिला बसली. आम्ही गेलों तेव्हां तें काम चाललें होतें, आणि फलाटाच्या एका अंगास पत्र्याचे आडोसे व खडीचे ढीग पडलेले होते. परंतु या स्टेशनाची शोभा इमारतींत नाहींच. ती तेथें उतरणाऱ्या माणसांत आहे. डोकीवर गांठोडीं घेतलेल्या राजस्थानी बाया, पांढऱ्या लुगड्यांतील बंगाली वृद्धा, गळ्यांत तांब्याचे गडू अडकविलेले उत्तर प्रदेशांतील शेतकरी, मुंडण केलेले आंध्र गृहस्थ, वाळूंत खेळण्याचीं बादल्या-फावडीं घेतलेलीं शहरी मुलें, आणि कॅमेरे सांवरणारीं नवविवाहित जोडपीं. देशांतील इतक्या भाषा इतक्या लहान फलाटावर एके वेळीं आम्हीं अन्यत्र ऐकलेल्या नाहींत. गाडींतून उतरल्यावर कित्येक जण फलाटावरच वांकून भुईस हात लावतात आणि तो कपाळीं नेतात. त्यांच्या दृष्टीनें क्षेत्राची शीव तेथूनच सुरू होते.

आत्याबाई फलाटाच्या अगदीं टोंकापर्यंत चालत गेल्या. तेथें रूळ संपतात. पुढें आडवा ठोकळा, त्यापलीकडे गवत आणि कांटेरी झुडपें. बऱ्याच वेळानें त्या म्हणाल्या, “इथं उतरून पोंचलो असं वाटतच नाही रे. आम्ही पुढं गेलो होतो.” आम्हांपाशीं या बोलण्यास उत्तर नव्हतें.

जाऊं इच्छिणाऱ्या वाचकांसाठीं कांहीं उपयुक्त गोष्टी येथें सांगतों. ऑक्टोबरपासून डिसेंबरपर्यंत या बाजूस ईशान्येचा पाऊस असतो आणि वादळांचाही हाच काळ असतो. म्हणून वृद्ध माणसें बरोबर असल्यास जानेवारी-फेब्रुवारी हे महिने उत्तम. अग्नितीर्थावर समुद्रस्नान करून मग देवळांतील बावीस तीर्थांचें पाणी अंगावर घेण्याचा प्रघात आहे. एका विहिरीकडून दुसरीकडे ओलेत्यानें दगडी फरशीवरून चालावें लागत असल्यानें पाय घसरण्याची भीति असते, याकरितां वृद्धांच्या हाताला एक धडधाकट माणूस असावा. कोरडे कपडे बाहेर कोणापाशीं तरी ठेवावे. तिसऱ्या प्राकाराचे बाराशेंहून अधिक खांब सायंकाळीं दिवे लागल्यावर पाहावे. बायकांनीं भाषेची चिंता करूं नये. तामीळ येत नसली तरी या देवळांतील पूजेचा अधिकार परंपरेनें महाराष्ट्रीय ब्राह्मण घराण्यांकडे आहे. शृंगेरी मठाची दीक्षा घेतल्यावांचून त्यांनाही लिंगास स्पर्श करतां येत नाहीं. कित्येक पिढ्यांपूर्वीं इकडे आलेल्या या मंडळींच्या घरांतील मराठी आतां पुष्कळ तामीळ वळणाची झाली आहे. परंतु पुजाऱ्याच्या तोंडून अकस्मात् ‘या, बसा’ असे शब्द आले तेव्हां आमच्या घरच्या मंडळींना माहेर भेटल्यासारखें झालें.

धनुष्कोडी रामेश्वरापासून सुमारें वीस किलोमीटर आहे. २०१७ सालीं थेट टोंकापर्यंत पक्की सडक झाल्यामुळें आतां तेथें सहज जातां येतें. वाटेवर जुन्या स्टेशनाच्या कांहीं भिंती, पाण्याच्या टांकीचे खांब आणि चर्चचे प्रवाळाच्या दगडांत बांधलेले अवशेष उभे आहेत. आसपास कोळ्यांच्या झोंपड्या आहेत. सरकारनें सोडलेलें गांव त्यांनीं पुरतें सोडलेलें नाहीं. टोंकाशीं महोदधि आणि रत्नाकर यांचा संगम. आत्याबाईंनीं तेथें पाण्यांत पाय बुडविले, वाळूची एक मूठ घेतली, आणि मग त्या स्टेशनाच्या भिंतींपाशीं जाऊन उभ्या राहिल्या. “आगबोट त्या अंगाला लागायची,” असें त्यांनीं मुलांना हातानें दाखविलें. मुलांना तेथें केवळ पाणी दिसलें.

परततांना गाडींत या विषयावर आमच्या मंडळींत वाद झाला. रामेश्वर ते धनुष्कोडी हा मार्ग पुन्हां घालण्याची योजना होती. २०१९ सालीं तिची पायाभरणीही झाली. परंतु त्या नाजूक किनाऱ्यास धोका पोंचेल अशा आक्षेपांमुळें ती पुढें सरकली नाहीं. आमचा पुतण्या इंजिनियर आहे. त्याचें म्हणणें, ज्या खाडींत जहाजांना वाट देणारा पूल दोनदां उभा राहतो, तेथें अठरा किलोमीटर वाळूंत रूळ घालणें अशक्य कसें मानावें? आजचें हवामानखातें वादळ चार दिवस आधीं सांगतें. १९६४ ची रात्र पुन्हां येणार नाहीं. आत्याबाईंनीं सर्व ऐकून घेतलें आणि विचारलें, “रूळ घालशील रे, पण हज्जार माणसं दर्शनाला निघालेली असतांना गाडी थांबवायचं धैर्य कोण दाखवील?”

हा प्रश्न आम्हांस मार्मिक वाटला. त्या रात्रींच्या ड्रायव्हरनें गाडी थांबविली होती, ही गोष्ट लक्षांत घेण्याजोगी आहे. सिग्नलाचें उत्तर न आल्यानें तो थांबला, परंतु थांबून राहूं शकला नाहीं. पुढें स्टेशन जवळ दिसत होतें, मागें माणसें खोळंबलीं होतीं, आणि वेळापत्रकाचा धाक होता. त्याला दोष देण्याचा अधिकार घरांत सुखानें बसलेल्या आम्हांस नाहीं. तथापि पुढील काळानें त्यापासून जें शिकावयाचें तें हेंच, कीं यंत्राचें सामर्थ्य जितकें वाढतें तितकी थांबण्याची व्यवस्थाही पक्की असावी लागते. नव्या पुलावर वारा मोजून गाडी रोखण्याची जी योजना आहे ती आम्हांस त्या १७ मीटर उचलल्या जाणाऱ्या गाळ्याहूनही अधिक मोलाची वाटते. ती पायीं जाणाऱ्या पूर्वजांच्या सावधगिरीचीच आजची आवृत्ति होय.

याकरितां आमचें मत, पुतण्याची क्षमा मागून, असें आहे कीं धनुष्कोडीस सडक आहे तेवढी पुरे. ज्यांना सेतुस्नान करावयाचें आहे त्यांनीं दिवसाउजेडीं जावें, दोन घटका थांबावें, तेथें गेलेल्या जीवांस एक तिलांजलि द्यावी आणि सूर्यास्तापूर्वीं परतावें. रुळांची हद्द रामेश्वरीं असावी हें समुद्रानें एकदां फार मोठी किंमत घेऊन सांगितलें आहे. तें पुन्हां विचारण्याचें प्रयोजन नाहीं. यावर दुसरी बाजू असूं शकते, आणि ती कोणीं या पानांतून मांडल्यास आम्ही आदरानें वाचूं.

कोणी असेंही म्हणेल, कीं आगगाडीनें यात्रा सोपी झाली आणि तिचें पुण्य उणें झालें. आम्हांस तसें वाटत नाहीं. पूर्वीं यात्रेकरू आपले कष्ट आपण सोशी. आतां ते कष्ट त्याच्या वतीनें दुसऱ्यांनीं आधींच सोसलेले असतात. खांब रोंवणारे, दांडे फिरविणारे, बुडालेले गर्डर दाखविणारे कोळी आणि त्या सहा डब्यांतील माणसें, या सर्वांच्या खांद्यांवरून आपली कावड आज रामनाथापर्यंत जाते. त्यांची आठवण ठेवून जो त्या फलाटावर पाऊल टाकील त्याच्या यात्रेंत कांहीं उणें राहिलें असें आम्ही म्हणणार नाहीं. आमच्या आत्याबाईंनीं घेतलेली वाळूची मूठ देवघरांत कोनाड्यांत ठेवली आहे. येत्या माघांत प्रयागास जाण्याचा बेत ठरला आहे, आणि तिकिटेंही काढून झालीं आहेत.